‘ती अभिनय करतच नाही’

आपल्याकडे एखाद्या नटीच्या कौतुकाला भरते आले की एक वाक्य हमखास कानावर येते: ‘ती अभिनय करतच नाही, ती भूमिका जगते.’ माझी मावशी वीसेक वर्षे हौशी रंगभूमीवर कामे करत असे. प्रयोग संपल्यावर कोणी तिला ‘अगदी नॅचरल करता हो तुम्ही’ म्हटले की ती तोंडभर हसून आभार मानायची, आणि घरी आल्यावर अंबाड्याचे आकडे काढता काढता म्हणायची, ‘म्हणजे तीन महिने तालमी केल्या त्या कोणी, ह्यांच्या आजीने?’ तिच्या चिडण्याचा अर्थ मला त्या वयात कळला नव्हता. तो कळायला इटलीची एक अभिनेत्री भेटावी लागली, कारण जगातल्या कुठल्याही नटीपेक्षा हे वाक्य जास्त वेळा ऐकावे लागले असेल तर ते बहुधा आन्ना मान्यानीला.

तिला मी पहिल्यांदा पाहिले ते पुण्यात, लॉ कॉलेज रस्त्यावरच्या चित्रपट संग्रहालयात, रॉबेर्तो रोसेलिनीच्या ‘रोम, खुले शहर’ या चित्रपटात. जर्मनांच्या ताब्यातल्या रोममधली पिना ही विधवा बाई, पोटुशी, पदरी एक मुलगा, आणि दुसऱ्या दिवशी शेजारच्या फ्रान्चेस्कोशी लग्न. पहिल्यांदा दिसते तेव्हा ती बायकांच्या लुटीत सापडलेल्या बेकरीतून पाव घेऊन बाहेर पडते, आणि बंदोबस्ताला आलेल्या पोलिसालाही त्यातलाच पाव देऊ करते. केस विस्कटलेले, डोळ्यांखाली काळी वर्तुळे, अंगात जुना स्वेटर. लग्नाच्या दिवशी सकाळी जर्मन सैनिक इमारतीला वेढा घालतात, बायकांना भिंतीशी उभे करतात, आणि फ्रान्चेस्कोला पकडून ट्रकमध्ये चढवतात. पिना अंगावर येणाऱ्या सैनिकाचा हात झटकून सुटते आणि ट्रकमागे धावत सुटते. कॅमेरा ट्रकमधून मागे पाहतो आहे. एक बाई हात वर करून ‘फ्रान्चेस्को’ अशी हाक मारत आपल्याकडे धावत येते आहे, आणि गोळी सुटल्यावर ती रस्त्यावर पालथी पडते. चित्रपट जेमतेम निम्मा झालेला असतो. तोवर जिला आपण नायिका धरून बसलेलो असतो ती गेलेली असते, आणि कथा तिच्यावाचून पुढे जाते.

त्या संध्याकाळी बाहेर चहाच्या टपरीवर कोणीतरी म्हणालेच, ‘ह्याला अभिनय म्हणत नाहीत.’ मीही मान डोलावली. पुढे त्या चित्रपटाविषयी वाचत गेलो तेव्हा एक साधी तांत्रिक गोष्ट समजली आणि माझी मान डोलायची थांबली. युद्ध अजून संपलेले नसताना, जानेवारी १९४५ मध्ये चित्रण सुरू झाले तेव्हा पैसे नव्हते, कच्ची फिल्म मिळेल तिथून तुकड्यातुकड्यांनी आणावी लागत होती, आणि चित्रणाच्या वेळी आवाज घेतलाच जात नव्हता. सगळे संवाद नंतर ध्वनिमुद्रणाच्या खोलीत भरले गेले. म्हणजे ती हाक मान्यानीने दोनदा मारली आहे. एकदा रोमच्या व्हिया मोन्तेकुक्कोली या रस्त्यावर, धावताना, जिथे ती कोणत्याही यंत्रात उमटत नव्हती. आणि दुसऱ्यांदा कित्येक दिवसांनी, बंद अंधाऱ्या खोलीत, मायक्रोफोनपुढे उभी राहून, पडद्यावर स्वतःलाच धावताना पाहत, स्वतःच्याच ओठांवर नजर ठेवून. जगाच्या काळजात रुतलेली हाक ही दुसरी आहे. तिथे ट्रक नव्हता, फ्रान्चेस्को नव्हता, गोळीही नव्हती. होते ते फक्त कसब.

त्या प्रसंगामागे एक खरी बाई आहे, हेही सांगितले पाहिजे. तेरेझा गुल्लाचे ही पाच मुलांची आई, सहाव्यांदा गरोदर, ३ मार्च १९४४ रोजी रोमच्या व्हियाले जुलिओ चेझारे या रस्त्यावर, पकडून नेलेल्या नवऱ्याला भेटू पाहताना बराकीसमोर मारली गेली. रोमकरांच्या आठवणीत ती गोष्ट ताजी होती. म्हणून मान्यानीसमोरचे काम सोपे नव्हते, उलट फार अवघड होते. दीड वर्षापूर्वी ज्यांनी ते रस्त्यावर पाहिले किंवा ऐकले होते, तेच लोक सप्टेंबर १९४५ मध्ये तिकीट काढून ते पडद्यावर पाहणार होते.

हे कसब आले कुठून? तिचा जन्म ७ मार्च १९०८ चा, रोममधला. ती इजिप्तमध्ये अलेक्झांड्रियाला जन्मली अशी कथा बरीच वर्षे छापून येत राहिली, कारण तिची आई पुढे तिकडे गेली आणि लेकीला रोममध्ये आजी आणि मावश्यांच्या हवाली करून गेली. वडिलांचा पत्ता नव्हता, आडनाव आईचे. पुढे लोकांनी तिच्या प्रत्येक भूमिकेतल्या दुःखाचे मूळ या बालपणात शोधले. मला ते फारसे पटत नाही. आई सोडून गेलेल्या मुली त्या शहरात पुष्कळ असतील. त्यातली एकच आन्ना मान्यानी झाली, आणि ती झाली ते नाट्यशाळेत जाऊन, मग रात्रीच्या क्लबांमध्ये रोमन ‘स्तोर्नेल्लो’ गाऊन, मग फिरत्या कंपन्यांमध्ये आणि मुख्यतः व्हरायटीच्या रंगमंचावर उभी राहून.

हे ‘स्तोर्नेल्लो’ म्हणजे आपल्याकडच्या सवाल-जबाबाचे लांबचे भावंड. दोन-तीन ओळींचा टोमणा, गाऊन मारलेला, समोरच्याने तसाच गाऊन परतवायचा. आणि व्हरायटी म्हणजे गाणी, नाच, विनोदी प्रवेश यांची मिसळ, समोर बसलेला प्रेक्षक उपाशी, वात्रट आणि तोंडाळ. तो हसला नाही तर दुसऱ्या क्षणाला शिट्टी. तिथे १९४० च्या सुमारास ती तोतो या थोर विनोदी नटाबरोबर काम करत होती. तोतोच्या मनात कुठल्या क्षणी काय येईल याचा भरवसा नसे, आणि त्याच्यासमोर उभे राहायचे तर हजरजबाबीपणा रक्तात मुरावा लागे. आपल्याकडे निळू फुले कलापथकातून आणि वगातून आले आणि मग पडद्यावर नुसत्या नजरेने दरारा बसवू लागले, त्यात जे घडले तेच इथे घडले होते. हशा कुठे येणार हे ज्याला श्वासाच्या अंतराने कळते, त्याला शांतता कुठे पडणार हेही कळते. रोसेलिनीने ‘खुल्या शहरा’साठी जी दोन मुख्य माणसे घेतली, मान्यानी आणि पाद्र्याच्या भूमिकेतला आल्दो फाब्रित्सी, ती दोघेही विनोदी रंगमंचावरची होती. पिनाच्या मरणाच्या जरा आधी तो पाद्री एका गप्प बसेना झालेल्या म्हाताऱ्याच्या डोक्यात तवा घालतो, प्रेक्षागृह खदखदून हसते, आणि ते हसू पुरते ओसरायच्या आत गोळी सुटते. हा हिशेब व्हरायटीचा आहे.

चित्रपटवाल्यांना मात्र ती आधी नको होती. तिचा नवरा गोफ्फ्रेदो आलेस्सान्द्रिनी स्वतः दिग्दर्शक होता आणि हा चेहरा कॅमेऱ्याला मानवणारा नाही असे त्याचे मत होते. त्या काळच्या इटालियन चित्रपटात पांढरे टेलिफोन, गुळगुळीत दिवाणखाने आणि सोनेरी केसांच्या तरुणी यांची चलती होती. बुटकी, सावळी, मोठ्या नाकाची आणि घोगऱ्या आवाजाची बाई मोलकरीण म्हणून किंवा नाचणारी म्हणून चाले. १९४१ मध्ये व्हित्तोरिओ डी सिकाने तिला एका विनोदी चित्रपटात व्हरायटीतल्याच नटीची भूमिका दिली तेव्हा पहिल्यांदा लोकांच्या लक्षात आले. १९४२ मध्ये लुकिनो व्हिस्कोंतीने तिला आपल्या पहिल्याच चित्रपटासाठी घ्यायचे ठरवले होते, पण ती गरोदर असल्याने ती भूमिका दुसरीकडे गेली. त्या ऑक्टोबरात तिच्या मुलाचा, लुकाचा, जन्म झाला, आणि दीड-दोन वर्षांचा असताना त्याला पोलिओ झाला. पुढची कित्येक वर्षे तिच्या कमाईतला मोठा वाटा त्याच्या उपचारांवर खर्च झाला. पस्तिशी उलटल्यावर, जेव्हा नायिकांना घरी बसवले जाते, तेव्हा तिची कारकीर्द सुरू झाली.

१९४६ च्या फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार अकरा चित्रपटांना विभागून दिला गेला. त्यात ‘खुले शहर’ होता आणि चेतन आनंद यांचा ‘नीचा नगर’ही होता. पुढे जानेवारी १९५२ मध्ये मुंबईत भारताचा पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरला, त्यात इटलीहून आलेल्या चित्रपटांमध्ये ‘खुले शहर’ होता. म्हणजे आपल्या आजोबांच्या पिढीतल्या काही मुंबईकरांनी पिनाची धाव मोठ्या पडद्यावर पाहिली असणार.

१९४८ च्या ‘प्रेम’ या चित्रपटात रोसेलिनीने दोन कथा एकत्र बांधल्या आणि दोन्हींत मान्यानी एकटीच केंद्रस्थानी ठेवली. पहिली झां कोक्तो या फ्रेंच लेखकाच्या एकपात्री नाटिकेवरची. एक बाई, एक खोली, एक टेलिफोन. सोडून चाललेल्या प्रियकराशी शेवटचे बोलणे. पलीकडचा आवाज आपल्याला ऐकू येत नाही. अर्ध्या तासाहून अधिक काळ कॅमेरा तिच्या चेहऱ्यापासून फारसा हलत नाही. मला या तुकड्यातले रडणे तितकेसे आवडत नाही, काही जागी ते आवश्यकतेपेक्षा जास्त ताणले आहे असे वाटते. पण ऐकणे पाहावे. ती जेव्हा काही बोलत नसते तेव्हा पलीकडचा माणूस खोटे बोलतो आहे, मग ते खोटे सावरतो आहे, मग घड्याळाकडे पाहतो आहे, हे सारे तिच्या पापण्यांवरून आपल्याला कळत जाते. टेलिफोनवर बोलण्याचा अभिनय पुष्कळ जण करतात, टेलिफोनवर ऐकण्याचा अभिनय फार थोड्यांना जमतो. प्रसंगी ती ज्याला उत्तर देते तो प्रश्न आपण मनात नेमका उभा करू शकतो, आणि हे तोतोच्या शाळेत शिकलेल्या बाईचे लक्षण आहे: समोरच्याची ओळ जिला आधी ऐकू येते तीच आपली ओळ वेळेवर टाकते.

दुसरी कथा ‘चमत्कार’. अमाल्फीच्या किनाऱ्यावर शेळ्या राखणारी एक भोळसट बाई वाटेवरच्या भटक्याला संत जोसेफ समजते, गरोदर राहते, आणि पोटी देव आला असे मानते. कथा तरुण फेडेरिको फेलिनीची, आणि तो मुका भटक्याही तोच. अमेरिकेत यावर गदारोळ झाला, न्यू यॉर्कमध्ये हा चित्रपट पवित्र गोष्टींची विटंबना करतो म्हणून परवाना काढून घेण्यात आला, प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. मे १९५२ मध्ये न्यायालयाने एकमताने निकाल दिला की चित्रपटालाही अभिव्यक्तिस्वातंत्र्याचे संरक्षण आहे. १९१५ पासून तिथे चित्रपट हा निव्वळ धंदा मानला जात होता, ते या निकालाने बदलले. अमेरिकेच्या कायद्याच्या पुस्तकात जो खटला शिकवला जातो त्याच्या मुळाशी रोमची ही बाई गाढवागत चढण चढत, धापा टाकत, गावकऱ्यांची टवाळी झेलत जाते आहे.

तिचा प्रियकर झालेला रोसेलिनी तिला सोडून इंग्रिड बर्गमन या अभिनेत्रीकडे गेला ही गोष्ट सगळ्यांना ठाऊक असते, चित्रपट न पाहिलेल्यांनासुद्धा. १९४९ मध्ये सिसिलीजवळच्या एकाच द्वीपसमूहात दोन चित्रपट एका वेळी चालू होते. एका ज्वालामुखीवर रोसेलिनी आणि बर्गमन, शेजारच्या ज्वालामुखीवर मान्यानी. २ फेब्रुवारी १९५० ला मान्यानीच्या चित्रपटाचा पहिला खेळ होता, त्यात प्रक्षेपकाने दगा दिला, आणि त्याच दिवशी बर्गमनला मुलगा झाल्याची बातमी येताच पत्रकार उठून चालते झाले. हाच रोसेलिनी १९५६ च्या अखेरीस भारतात आला आणि इथेही त्याने वर्तमानपत्रांना खाद्य पुरवले, पण तो विषय वेगळा. तिच्या बाजूने पाहता या प्रकरणाचा तोटा असा झाला की त्यानंतर ती जे काही करी त्यात लोक सोडलेली बाई शोधू लागले. हे ‘भूमिका जगणे’ या स्तुतीचेच दुसरे टोक आहे.

माझ्या मते तिची सर्वांत मोठी भूमिका १९५१ मधली, व्हिस्कोंतीच्या ‘बेल्लिस्सिमा’तली. नावाचा अर्थ ‘सुंदरातली सुंदर’. मद्दालेना चेक्कोनी ही घरोघर जाऊन इंजेक्शने देणारी बाई. चिनेचित्ता या रोमच्या चित्रनगरीत एका चित्रपटासाठी लहान मुलगी हवी अशी जाहिरात निघते, आणि मद्दालेना आपल्या मारियाला घेऊन त्या गर्दीत शिरते. मग छायाचित्रे, नाचाचा वर्ग, अभिनयाची शिकवणी, नवा फ्रॉक, प्रत्येक गोष्टीला पैसे, आणि प्रत्येक पैशामागे एक इंजेक्शन. चित्रनगरीतला एक उपटसुंभ ओळखीने काम करून देतो म्हणून तिच्याकडून पन्नास हजार लिरा उकळतो आणि त्यांतून स्वतःसाठी लॅम्ब्रेटा घेतो. नंतर नदीकाठी तो ते कबूलही करतो, आणि ती चिडण्याऐवजी हसते. त्या हसण्यात राग आहे, स्वतःच्या मूर्खपणाची लाज आहे, आणि ‘बरे झाले, निदान दुचाकी तरी आली’ असा खास रोमन खट्याळपणाही आहे. एका हसण्यात इतके मावते, यावर पाहिल्याशिवाय विश्वास बसत नाही.

याच चित्रपटात ती आरशासमोर केस विंचरताना स्वतःशी बोलते, की अभिनय म्हणजे तरी काय, मी दुसरीच कोणी आहे असे मानले, दुसरी असल्याचे सोंग घेतले, की झाला अभिनय. वाक्य मद्दालेनाचे आहे, एका भाबड्या आईचे. पण आरशात आपल्याला दिसते ती आन्ना मान्यानी, जी या क्षणी मद्दालेना असल्याचे सोंग घेते आहे आणि सोंगावर मत देते आहे. व्हिस्कोंतीसारखा काटेकोर दिग्दर्शक हा आरसा तिथे उगाच ठेवणार नाही.

शेवटाकडे मद्दालेना प्रक्षेपण-कक्षाच्या झरोक्यातून चोरून पाहते. आत पडद्यावर मारियाची चाचणी चालू आहे. पोर मेणबत्त्या विझवू शकत नाही, बोलताना अडखळते, मग भोकाड पसरते, आणि खालच्या खुर्च्यांतले पुरुष हसतात. झरोक्यात आईचा फक्त चेहरा. इथे मान्यानी जे करते ते अगदी थोडे आहे. हसू चेहऱ्यावर राहते, कारण त्याला अजून बातमी पोचलेली नाही. डोळे आधी विझतात, मग गालांची पकड सुटते. मावशी एकदा म्हणाली होती की रडताना चेहऱ्याचा कुठला भाग सर्वांत शेवटी रडवायचा हे ठरवावे लागते. त्या वेळी मला तो विनोद वाटला होता.

घरी परतल्यावर मारिया निवडली गेल्याची वार्ता आणि करारपत्र घेऊन माणसे येतात, आणि मद्दालेना सही करत नाही. रात्री खिडकीतून अंगणातल्या उघड्या चित्रपटगृहाचा आवाज येतो आणि ती हुंदक्यातच बर्ट लँकेस्टर या अमेरिकन नटाचा आवाज ओळखते. हे पुढे पाहू.

त्यानंतर झां रन्वारने तिला ‘सोनेरी रथ’ या रंगीत चित्रपटात घेतले. रन्वार तेव्हा नुकताच बंगालमध्ये हुगळीकाठी ‘द रिव्हर’ करून आलेला. अठराव्या शतकातल्या पेरूमध्ये आलेली इटालियन नाटकमंडळी, तिची मुख्य नटी कामिल्ला, आणि तिच्यावर भाळलेले तीन पुरुष. रंगमंच कुठे संपतो आणि जगणे कुठे सुरू होते, हा कामिल्लाचा प्रश्न आहे. मान्यानी इथे इंग्रजीत बोलते आणि कधी कधी अडखळते, पण चालते ती राणीसारखी, कंबरेवर हात ठेवून, भाजी मंडईतल्या राणीसारखी. मग १९५३ मध्ये ‘आम्ही बायका’ या चित्रपटातल्या व्हिस्कोंतीच्या भागात तर तिने आन्ना मान्यानीचीच भूमिका केली. टॅक्सीवाला तिच्या डॅक्सहुंड कुत्र्यासाठी एक लिरा जादा मागतो. मांडीवरच्या कुत्र्याला पैसे पडत नाहीत असे ती म्हणते. हा मांडीवरचा कुत्रा नव्हे असे तो म्हणतो. एका लिरासाठी ती पोलिसांपर्यंत जाते, मीटर चालूच, प्रयोगाला उशीर होतोच. शेवटी धावतपळत रंगमंचावर पोचते आणि एक हळुवार गाणे असे गाते, जणू दिवसभर काहीच झाले नाही. स्वतःच्या नावाची भूमिका, आणि ती सगळ्यांत जास्त रचलेली! ‘ती स्वतःच असते’ म्हणणाऱ्यांनी हा छोटा तुकडा जरूर पाहावा.

टेनेसी विल्यम्स या अमेरिकन नाटककाराने ‘द रोझ टॅटू’ हे नाटक तिला डोळ्यांसमोर ठेवूनच लिहिले होते. न्यू यॉर्कच्या रंगभूमीवर रोज रात्री इंग्रजीत उभे राहायची तिची तयारी नव्हती, म्हणून १९५१ मध्ये ते दुसऱ्या अभिनेत्रीने केले. चित्रपट मात्र १९५५ मध्ये तिने केला. सिसिलीहून अमेरिकेत गेलेली शिवणकाम करणारी विधवा सेराफिना. तिची स्वतःची आईही शिवणकाम करणारी. आणि समोर नायक कोण, तर बर्ट लँकेस्टर, ज्याचा आवाज मद्दालेनाने चार वर्षांपूर्वी खिडकीतून ओळखला होता. २१ मार्च १९५६ ला ऑस्कर जाहीर झाले तेव्हा ती रोममध्ये घरी झोपलेली होती आणि दूरध्वनीवरचा पत्रकार थट्टा करतो आहे असे तिला वाटले. अभिनयासाठी इटलीच्या कलावंताला मिळालेले ते पहिले ऑस्कर. पुढे १९५७ च्या आणखी एका अमेरिकन चित्रपटासाठी नामांकन, बर्लिनचा पुरस्कार, मग मार्लन ब्रँडोबरोबर एक चित्रपट. अमेरिकेने तिला प्रेमाने वागवले, पण एकाच चौकटीत: केस पिंजारलेली, पाय आपटणारी, भूमध्य सागराकाठची बाई. मला ‘द रोझ टॅटू’ पाहताना अस्वस्थ वाटते. ती जे आधी एका भुवईने करायची ते इथे दोन्ही हातांनी करते. इंग्रजी शब्दांवर तिची हुकमत नव्हती, आणि शब्दांवर हुकमत नसली की हातवारे वाढतात.

इकडे इटलीत पैसा खेळू लागला होता. उपासमारीच्या रोमची आठवण करून देणारा चेहरा निर्मात्यांना नको होता. १९६० मध्ये युद्धकाळातल्या आई-मुलीवरच्या चित्रपटात आईची भूमिका तिला आणि मुलीची सोफिया लॉरेनला अशी योजना होती. लॉरेनची आई व्हायला ती राजी झाली नाही, मग आईच लॉरेनने केली आणि तिला ऑस्कर मिळाले. यात मान्यानीचा अभिमान नडला असे म्हणतात. मला तिचे चुकले असे वाटत नाही. बावन्नाव्या वर्षी एका अभिनेत्रीला बाजूला बसवण्याचे ते पहिले पाऊल तिने ओळखले, इतकेच.

१९६२ मध्ये दिग्दर्शक पासोलिनीने तिला ‘माम्मा रोमा’ केले. (देवनागरीत ‘मामा रोमा’ लिहिले की रोमचा मामा डोळ्यांसमोर येतो, म्हणून हा जास्तीचा ‘म’.) वेश्याव्यवसाय सोडून, भाजीची गाडी टाकून, मुलगा एत्तोरेला चांगल्या वस्तीत वाढवू पाहणारी बाई. सुरुवातीलाच एका लग्नाच्या पंगतीत ती टोप्या घातलेली तीन डुकरे हाकत आणते आणि नवऱ्यामुलाशी स्तोर्नेल्लोचे सवाल-जबाब करते. तीस वर्षांपूर्वी क्लबात जे गायली तेच इथे विष घालून गाते. मग ती रात्रीची चाल. काळोखात मागे दिव्यांचे ठिपके, ती कॅमेऱ्याच्या दिशेने चालत बोलते आहे, अंधारातून एक पुरुष येतो, चार पावले ऐकत चालतो, गळतो, दुसरा येतो, तिचे बोलणे अखंड. ऐकणारे बदलतात, गोष्ट तीच चालू राहते. चित्रपटात ही चाल दोनदा येते: एकदा धंदा सोडल्याच्या आनंदात, दुसऱ्यांदा पुन्हा त्यात ढकलली गेल्यावर. दोन चाली लागोपाठ पाहिल्या तर खांद्यांतला फरक दिसतो.

दोघांचे जमले नाही. पासोलिनीला अनोळखी, रस्त्यावरची माणसे हवी असत. एत्तोरेचे काम करणारा पोरगा त्याला एका खानावळीत वेटर म्हणून सापडला होता. तो तुकड्यातुकड्यांत चित्रण करी, चेहरा एखाद्या जुन्या चित्रासारखा स्थिर धरी. तिला प्रसंग मुळापासून बांधत नेण्याची सवय. तिला घेणे पुरते जुळले नाही असे त्याने नंतर बोलूनही दाखवले. गंमत अशी, की ज्या बाईला जगाने ‘अभिनय न करणारी’ म्हणून डोक्यावर घेतले, तीच खरोखर अभिनय न करणाऱ्यांच्या घोळक्यात उभी राहिल्यावर परकी दिसू लागली. तिच्या कसबाची याहून स्वच्छ पावती मला दुसरी माहीत नाही.

पुढची वर्षे रिकामी वाटावीत अशी होती. १९६५ मध्ये दिग्दर्शक झेफिरेल्लीने तिला ‘लांडगी’ या नाटकात रंगमंचावर परत आणले, नंतर ‘मेडिया’ झाले. १९७१ मध्ये दूरचित्रवाणीसाठी आल्फ्रेदो जान्नेत्तीबरोबर काही चित्रपट केले. रात्री ती रोमच्या जुन्या भागातल्या भटक्या मांजरांना खायला घालत फिरायची. २६ सप्टेंबर १९७३ ला स्वादुपिंडाच्या कर्करोगाने ती गेली, त्याच संध्याकाळी दूरचित्रवाणीवर तिचा चित्रपट दाखवला गेला. अखेरच्या दिवसांत रोसेलिनी तिच्याजवळ होता. मिनर्व्हा चौकातल्या चर्चबाहेर लोटलेल्या गर्दीने शवपेटी बाहेर येताच टाळ्या वाजवल्या.

वर्षभर आधीच, १९७२ मध्ये, फेलिनीच्या ‘रोमा’त ती पडद्यावर शेवटची दिसली होती. रात्र, अरुंद गल्ली, जुन्या वाड्याच्या भिंतीला लागून एक बाई घरी चालली आहे. फेलिनीचा आवाज आपल्याला सांगतो की ही आन्ना मान्यानी, हिला या शहराचे प्रतीकसुद्धा म्हणता येईल. ती विचारते, मी काय आहे म्हणालास? आवाज यादी सुरू करतो: लांडगी आणि व्रतस्थ कुमारी, खानदानी आणि फाटकी, उदास आणि विदूषकी. ती दारात वळते, थकलेली, अर्धवट हसत, आणि त्याला जाऊन झोप म्हणते. एक प्रश्न विचारू का, असे तो म्हणतो. ती म्हणते, नाही रे बाबा, तुझा भरवसा नाही मला. निरोप घेते आणि दार लावून घेते. पुढच्या क्षणी मोटारसायकलींचा एक मोठा ताफा झोपलेल्या रोममधून घोंघावत निघतो.